स्थैर्याचे इंधन

मागे एका पावसाळ्यात वादळी वाऱ्याने आमच्या निवासस्थानाच्या गच्चीवरील डिश तिरकी झाली आणि दूरदर्शन संच मुका झाला. दोन दिवसांनी दुरुस्तीसाठी एक तरुण आला. त्याने पाना फिरवला, डिश किंचित डावीकडे वळवली आणि चित्र पूर्ववत दिसू लागले. खाली उतरताना तो सहज म्हणाला, "फादर, वरचं कधी हलत नाही. हललं ते आपलंच." प्रवचनासाठी आयतेच वाक्य हाती लागले म्हणून आम्ही मनोमन सुखावलो. परमेश्वर अढळ आहे, भरकटतो तो मनुष्य, असा सरळ अर्थ त्यातून निघत होता आणि पुढच्या रविवारी आम्ही तो सांगितलाही. मिस्सेनंतर विज्ञान शिकवणारे एक निवृत्त शिक्षक आमच्याकडे आले. "फादर, प्रवचन छान झाले," असे म्हणून त्यांनी पुढे शांतपणे सांगितले, "पण वरचे जे आहे ते सेकंदाला तीन किलोमीटर वेगाने धावत असते."

त्या शिक्षकांनी नंतर दोन-तीन संध्याकाळी आम्हांला जे समजावून दिले, त्यामुळे आमचे ते प्रवचन तर मोडीत निघालेच, परंतु त्याहून फार जुनी अशी एक चूकही आम्हांस स्पष्ट दिसली. तिच्यासाठीच हा लेख आम्ही लिहीत आहोत. तथापि आधी आकाशातले सांगितले पाहिजे.

पृथ्वीभोवती फिरणारा कोणताही उपग्रह हा वस्तुतः सतत पडत असतो. पडता पडता तो इतक्या वेगाने पुढे जातो की खालची जमीनही वळत जाते आणि तो तिला कधी भेटत नाही. जो जवळ आहे त्याला पृथ्वीची ओढ अधिक, म्हणून त्याला वेगही अधिक लागतो. सुमारे 400 किलोमीटर उंचीवरील आंतरराष्ट्रीय अवकाश स्थानक दीड तासात एक प्रदक्षिणा पूर्ण करते. त्यातील अंतराळवीरांना दिवसाकाठी सोळा सूर्योदय दिसतात. याउलट आपला चंद्र 3,84,400 किलोमीटर दूर असल्यामुळे त्याला एका फेरीस 27 दिवसांहून अधिक काळ लागतो. या दोहोंच्या मध्ये कोठेतरी असे एक अंतर असलेच पाहिजे की जेथे उपग्रहाची एक प्रदक्षिणा आणि पृथ्वीचे स्वतःभोवतीचे एक परिवलन यांना नेमका सारखा वेळ लागतो. ते अंतर विषुववृत्तापासून 35,786 किलोमीटर उंचीवर आहे. तेथील उपग्रह 23 तास 56 मिनिटे 4 सेकंदांत एक फेरी पुरी करतो. पृथ्वीही ताऱ्यांच्या संदर्भात तेवढ्याच वेळात स्वतःभोवती एकदा फिरते. (आपण 24 तास मोजतो ते सूर्याच्या संदर्भाने, दरम्यान पृथ्वी सूर्याभोवती थोडी पुढे सरकलेली असते, म्हणून ही चार मिनिटांची भर.) दोघेही एकाच दिशेने, एकाच तालात फिरतात, साहजिकच खालून पाहणाऱ्यास वरचा जागच्या जागी उभा दिसतो. त्यालाच भूस्थिर उपग्रह म्हणतात.

अशा तीन उपग्रहांनी साऱ्या जगाला संदेश पोहोचवता येतील ही कल्पना आर्थर क्लार्क यांनी 1945 साली एका इंग्रजी मासिकात मांडली, तेव्हा मानवाने एकही उपग्रह सोडलेला नव्हता. 1964 मध्ये 'सिंकॉम 3' त्या जागी जाऊन पोहोचला आणि टोकियोचे ऑलिंपिक सामने महासागरापलीकडे दिसले. आपल्या देशात 1975-76 या वर्षी अमेरिकेकडून काही काळासाठी मिळालेल्या अशाच एका उपग्रहाच्या साहाय्याने सहा राज्यांतील सुमारे 2,400 खेड्यांत दूरदर्शनचे शैक्षणिक कार्यक्रम दाखविण्यात आले. 1981 साली आपला 'ॲपल' उपग्रह आकाशात गेला. चाचणीसाठी त्याला बैलगाडीवर ठेवल्याचे छायाचित्र पुष्कळांनी पाहिले असेल.

एक गोष्ट मात्र आम्हांला त्या शिक्षकांनी दोनदा सांगितली तेव्हा कोठे उमगली. आपल्या गावाच्या अगदी माथ्यावर असा उपग्रह उभा करता येत नाही. उपग्रहाची कक्षा पृथ्वीच्या केंद्राभोवतीच असावी लागते. म्हणून स्थिर दिसायचे तर विषुववृत्ताच्या वर्तुळातच राहणे भाग आहे. यामुळेच कोकणातल्या सगळ्या डिशांची तोंडे दक्षिणेकडे किंवा आग्नेयेकडे वळलेली दिसतात. तेवढ्याच उंचीवर, तेवढ्याच वेळात फिरणारा, परंतु कललेल्या कक्षेतला उपग्रह आकाशात रोज इंग्रजी आठाच्या आकड्यासारखी आकृती काढीत राहतो. आपल्या 'नाविक' या दिशादर्शक व्यवस्थेतील काही उपग्रह 2013 पासून असे आठ गिरवीत आहेत.

म्हणजे स्थैर्य हे मुळात दोघांमधील नाते होय. भूस्थिर उपग्रह पृथ्वीवरून पाहणाऱ्याला स्थिर आहे. चंद्रावरून पाहणाऱ्याला तो गरगरताना दिसेल. एवढे समजले तरी आमच्या प्रवचनातला 'अढळ' हा शब्द डळमळला. परंतु आम्हांस खरा धक्का बसला तो याच्या पुढच्या भागाने.

आमची समजूत अशी होती की एकदा त्या जागी नेऊन सोडले की उपग्रह आपोआप तेथेच राहत असेल. तसे घडत नाही. चंद्र आणि सूर्य त्याला सतत ओढत असतात. त्या ओढीने त्याची कक्षा दर वर्षी जवळपास एका अंशाने कलू लागते. शिवाय पृथ्वी काही निर्दोष गोल नव्हे. तिचे विषुववृत्तही किंचित लंबगोल आहे. त्यामुळे उपग्रह आपल्या जागेवरून पूर्वेला किंवा पश्चिमेला हळूहळू घसरू लागतो. सूर्यप्रकाशाचा अतिसूक्ष्म दाबदेखील त्याला ढकलीत असतो. या सर्वांना तोंड देण्यासाठी उपग्रहात इंधन भरून पाठवलेले असते आणि दर काही दिवसांनी अथवा आठवड्यांनी लहान लहान अग्निबाण क्षणभर पेटवून त्याला पुन्हा आपल्या जागी आणले जाते. खाली घरात मालिका पाहत बसलेल्यांना यातले काहीही कळत नाही. कळू नये हेच त्या कामाचे यश. कर्नाटकातील हासन येथे आणि भोपाळ येथे आपल्या उपग्रहांवर रात्रंदिवस नजर ठेवणारी केंद्रे आहेत; तेथील माणसे ही डागडुजी वर्षानुवर्षे करीत असतात.

आणि एके दिवशी इंधन संपते. पुष्कळदा उपग्रहाची इतर यंत्रे तेव्हा शाबूत असतात. तो बोलू शकतो, ऐकू शकतो. फक्त जागेवर राहू शकत नाही. अशा उपग्रहाचे आयुष्य दहा-पंधरा वर्षे असते असे जे सांगितले जाते, ते बव्हंशी त्याच्या इंधनाचे आयुष्य असते.

हे ऐकत असताना आम्हांला एक स्त्री आठवली.

तिच्याविषयी लिहिण्यापूर्वी आमची जी वैचारिक घडण झाली तिच्याबद्दल दोन शब्द लिहितो, कारण दोष तेथूनच सुरू होतो. सेमिनरीत आम्ही जे तत्त्वज्ञान शिकलो त्यात गतीपेक्षा स्थिती श्रेष्ठ होती. जे हलते त्यात काहीतरी उणे आहे म्हणून ते हलते. परिपूर्णाला हलण्याचे कारण नाही. ॲरिस्टॉटलचा स्वतः न हलता सर्वांना हलविणारा आदिकारक संत थॉमस अक्विनास यांनी देवाच्या अस्तित्वाच्या युक्तिवादात घेतला. तो युक्तिवाद आम्ही आजही मानतो. परंतु देवाबद्दल जे खरे ते आम्ही न कळत निर्मितीवर लादले. न हलणारे कुटुंब चांगले, न हलणारा धर्मग्राम चांगला, प्रश्न न विचारणारा विद्यार्थी चांगला. पृथ्वी हलते असे म्हटल्याबद्दल 1633 साली गॅलिलिओला दोषी ठरविले गेले आणि त्या प्रकरणातील चूक पोप जॉन पॉल दुसरे यांनी 1992 मध्ये उघडपणे मान्य केली, ही गोष्ट आम्ही तरुणांना अभिमानाने सांगतो. घरात कोण हलते आणि कोण स्थिर आहे, या बाबतीत मात्र आमची स्वतःची समजूत फारशी पुढे सरकली नव्हती.

वास्तविक संत थॉमस यांनीच येथे सावधगिरीचा इशारा दिलेला आहे. चिकाटी या सद्गुणाची चर्चा ते धैर्याच्या अंतर्गत करतात आणि लगेच पुढच्या प्रश्नात त्याच्या विरोधी असलेले दोन दुर्गुण सांगतात. एक म्हणजे थोड्या कष्टाने हार मानणारे मऊपण, आणि दुसरा म्हणजे हट्ट: जेथे धरून राहू नये तेथेही धरून राहणे. पहिल्या दुर्गुणावर आम्ही शेकडो प्रवचने दिली असतील. दुसऱ्यावर दिल्याचे आठवत नाही. बेनेडिक्टाईन मठवासी व्रत घेतात त्यात स्थैर्याचे वचन असते आणि त्याच दमात आपले जीवन सतत पालटत राहण्याचेही वचन असते. हेही आम्ही परीक्षेपुरते पाठ केले होते.

आता त्या स्त्रीविषयी. तिच्या संमतीने आम्ही हे लिहीत आहोत आणि ओळख पटू नये म्हणून गावाचा व काळाचा उल्लेख टाळीत आहोत. आम्ही नवखे धर्मगुरू असताना ती एका दुपारी आमच्याकडे आली. पापनिवेदनासाठी नव्हे, सल्ल्यासाठी. नवरा पितो, मारतो, मुलांसमोर मारतो, असे तिने सांगितले. मनगटाच्या वरचा काळानिळा डाग तिने दाखवला नाही. पदर सरकला तेव्हा तो आम्हांला दिसला. आम्ही तिला संत मोनिकाची गोष्ट सांगितली. तिने कसे सोसले, पतीसाठी कशी प्रार्थना केली, शेवटी पती ख्रिस्ताकडे कसा वळला. "बाई, तू स्थिर राहा," आम्ही म्हणालो, "तू स्थिर राहिलीस तर घर स्थिर राहील." ती उठून गेली. आम्हांला वाटले, एक घर वाचले.

संत ऑगस्टीन यांनी आपल्या आईबद्दल जे लिहिले आहे ते आम्ही त्या दिवशी नीट वाचलेले असते तर बरे झाले असते. ते म्हणतात की त्यांचे वडील तापट होते, तरीही त्यांनी मोनिकेवर हात टाकल्याचे कुणी कधी ऐकले नाही आणि शेजारच्या बायकांना त्याचे नवल वाटे. म्हणजे जिला मारहाण होत होती तिला आम्ही जिला मारहाण होत नव्हती तिचा दाखला दिला. मारहाण सोसणाऱ्या त्या शेजारणींना मोनिकेने नमून राहण्याचा जो सल्ला दिला, तो चौथ्या शतकातील आफ्रिकेतल्या रोमन घरांतला होता. तो सल्ला म्हणजे ख्रिस्ताची आज्ञा नव्हे.

आमच्याजवळ दुसरे काही सांगण्यासारखे नव्हते असेही नाही. ख्रिस्तसभेच्या 1983 च्या धर्मनियमसंहितेतील 1153 वा नियम आम्हांस ठाऊक होता. जोडीदार दुसऱ्याच्या किंवा मुलांच्या आत्म्याला वा शरीराला गंभीर धोका निर्माण करीत असेल, किंवा अन्य प्रकारे सहजीवन अतिशय कठीण करून सोडत असेल, तर विभक्त राहण्यास तो न्याय्य कारण मानतो. उशीर करण्यात धोका असेल तर बिशपांच्या अनुमतीची वाट न पाहताही. यात विवाहबंधन तुटत नाही, पुनर्विवाहाचा प्रश्न येत नाही. फक्त जीव वाचतो. परीक्षेत आम्ही या नियमाचे उत्तर चांगले लिहिले होते. तिला मात्र तो सांगितला नाही. सांगितला तर घरे मोडतील, लोक काय म्हणतील, बिशपमहोदय काय म्हणतील, अशी धास्ती होती. धास्तीला आम्ही विवेक असे नाव दिले.

बऱ्याच वर्षांनंतर त्याच गावातून एक निमंत्रण आले. तिच्या लग्नाला पंचवीस वर्षे पूर्ण झाली होती आणि कृतज्ञतेच्या मिस्सेला आम्हीच यावे असा कुटुंबाचा आग्रह होता. आम्ही गेलो. वेदीवरून आम्ही या जोडप्याची वाखाणणी केली. वादळे आली, पाऊस आला, परंतु हे घर खडकावर बांधलेले म्हणून स्थिर राहिले, असे आम्ही म्हणालो. मिस्सेनंतर वस्त्रे उतरवीत असताना ती आत आली. रागावलेली दिसत नव्हती. ती म्हणाली, "फादर, घर स्थिर आहे असं तुम्ही सगळ्यांसमोर सांगितलंत. कोण स्थिर ठेवतंय, ते नाही सांगितलंत." आणि थोडे थांबून म्हणाली, "आता माझ्यानं होत नाही."

त्या वेळी आम्ही तिला तो नियम सांगितला. कित्येक वर्षे उशिरा. पुढे काय झाले ते तिच्या आयुष्यातले आहे. ते येथे मांडण्याचा आम्हांला अधिकार नाही.

उपग्रहाचे इंधन संपते हे ऐकताना ती का आठवली, ते आता वाचकांच्या ध्यानी आले असेल. पंचवीस वर्षे ते घर गावाला एका जागी दिसत होते. नवऱ्याची नोकरी सुटली की ती कामाला जाई, त्याची बोलणी खाऊन शेजाऱ्यांशी हसून बोले, मुलांची फी वेळेवर भरे, रविवारी चौघे मिळून मिस्सेला येत. दर काही दिवसांनी ते घर आपल्या जागेवरून घसरे आणि दर वेळी तीच आपल्यातले काहीतरी जाळून त्याला पुन्हा जागेवर आणी. आम्ही खालून पाहणारे. आम्हांला फक्त स्थैर्य दिसले.

येथे एक आक्षेप येईल आणि तो हलका नाही. प्रेम म्हणजे स्वतःला जाळणेच नव्हे काय? क्रुसाकडे पाहणाऱ्या माणसाने किती खर्च झाला याचा हिशेब मांडावा काय? या प्रश्नाशी आम्ही पुष्कळ झुंजलो आहोत. आजारी पतीची वीस वर्षे सेवा करणाऱ्या स्त्रिया आम्ही पाहिल्या आहेत, अंथरुणाला खिळलेल्या पत्नीला स्वतःच्या हाताने भरवणारे पुरुषही पाहिले आहेत. त्यांच्यापुढे हिशेबाची भाषा ओशाळते. परंतु आजाऱ्याने त्यांच्यावर आजार लादलेला नव्हता आणि त्यांनी स्वतःला दिले ते जाणूनबुजून दिले. प्रभू येशूनेही आपला प्राण कोणी हिरावून घेत नाही, आपण होऊन देतो, हे स्पष्ट केले आहे. शिवाय शुभवर्तमानात त्याला मारायला निघालेल्यांच्या हातून तो एकाहून अधिक वेळा निसटून गेल्याचेही लिहिले आहे. क्रूस उचलणे वेगळे आणि दुसऱ्याच्या खांद्यावर क्रूस ठेवून त्याला शाबासकी देणे वेगळे. आम्ही हे दुसरे केले होते.

पोप फ्रान्सिस यांनी 2016 साली कुटुंबविषयक 'आमोरिस लेतीत्सिया' या पत्रात काही प्रसंगी विभक्त होणे अटळ ठरते, इतकेच नव्हे तर नैतिकदृष्ट्या आवश्यकही असू शकते, असे नमूद केले तेव्हा काही धर्मबंधूंना आश्चर्य वाटले. धर्मनियमसंहितेत ते आधीच होते. आश्चर्य वाटायचेच असेल तर ते आमच्या मौनाचे वाटावे.

आता पुन्हा आकाशाकडे वळतो, कारण त्या शिक्षकांनी शेवटच्या संध्याकाळी सांगितलेली गोष्ट आमच्या मनात घर करून आहे. मानवाने सोडलेल्या उपग्रहांना इंधन लागते. मग निसर्गातल्या चंद्रांचे काय? मंगळाचा फोबोस हा चंद्र ग्रहाच्या इतका जवळ आहे की मंगळाचे एक परिवलन होईपर्यंत त्याच्या तीनहून अधिक फेऱ्या होतात. तो मंगळाच्या आकाशात पश्चिमेला उगवतो, पूर्वेला मावळतो आणि शतकाला सुमारे दोन मीटर या गतीने खाली येत आहे. काही कोटी वर्षांनी तो मोडेल. आपला चंद्र पृथ्वीच्या परिवलनाच्या मागे राहतो, म्हणून तो दर वर्षी 3.8 सेंटिमीटर दूर जात आहे. 1969 साली अपोलो 11 च्या अंतराळवीरांनी चंद्रावर ठेवलेल्या परावर्तकांमुळे हे अंतर मोजता येते. या दोन्ही हालचालींमागे कारण एकच: भरती-ओहोटी. ग्रह व उपग्रह एकमेकांना जो फुगवटा आणतात तो त्यांचा ताल जुळेपर्यंत त्यांना ओढीत किंवा लोटीत राहतो. चंद्राने आपला ताल पूर्वीच जुळवून घेतला आहे. म्हणून तो आपल्याला नेहमी एकच बाजू दाखवतो. पृथ्वीने मात्र अजून जुळवलेला नाही. ती मंद होत आहे, पण शतकाला जेमतेम दोन सहस्रांश सेकंद एवढीच. चंद्र लहान, म्हणून तो आधी वाकला!

परंतु सूर्यमालेच्या टोकाला एक जोडी अशी आहे की जिच्यात दोघेही वळले आहेत. प्लूटो आणि त्याचा चंद्र शॅरन. शॅरनचा शोध 1978 साली जेम्स क्रिस्टी यांनी लावला आणि 2015 च्या जुलै महिन्यात 'न्यू होरायझन्स' यान त्या दोघांच्या जवळून गेले. शॅरनचा व्यास प्लूटोच्या निम्म्याहून थोडा अधिक आहे. शॅरनची एक प्रदक्षिणा साडेसहा दिवसांच्या आत पुरी होते. प्लूटोचे परिवलनही नेमके तेवढ्याच वेळात होते आणि शॅरनचेही. प्लूटोवरून पाहिले तर शॅरन आकाशात एका जागी टांगलेला दिसेल, ना उगवणार ना मावळणार. शॅरनवरून प्लूटोही तसाच. दोघांनी एकमेकांकडे तोंड केलेले आहे आणि ते टिकविण्यासाठी तेथे कोणी अग्निबाण पेटवीत नाही. जुळवून घेताना दोघांचाही वेग खर्ची पडला होता. शॅरन प्लूटोच्या सुमारे एक अष्टमांश वस्तुमानाचा. म्हणजे मोठ्यानेही वळावे लागले.

उपमा फार ताणू नये हे आम्ही त्या पहिल्या प्रवचनातून शिकलो आहोत. ग्रहगोलांना नीती नसते. प्लूटो उदार नाही आणि आपली पृथ्वी अहंकारी नाही. प्लूटोच्या पलीकडच्या बाजूला कोणी राहत असता तर त्याला शॅरन जन्मात दिसला नसता, हेही त्या शिक्षकांनी आवर्जून सांगितले. एकमेकांकडेच पाहत राहणाऱ्या जोडप्याबद्दलही कोणी प्रवचन देऊ शकेल. तरीसुद्धा दोन प्रकारची स्थिरता असते आणि बाहेरून दोन्ही सारख्याच दिसतात, एवढी गोष्ट आम्हांला आकाशाने शिकवली. एकीत एकच जण जळत असतो. दुसरीत दोघे वळलेले असतात. या दोहोंतला फरक खालून दिसत नाही. आत जाऊन विचारावा लागतो.

आणि तो केवळ लग्नातच विचारावा लागतो असे नाही. आपल्या कित्येक घरांत म्हातारे आईवडील सुखात आहेत असे आपण म्हणतो, तेव्हा एखादी अविवाहित राहिलेली बहीण त्या सुखाची किंमत देत असते आणि भाऊ नाताळला येऊन तिला साडी देतात. आमचा धर्मग्राम शिस्तबद्ध चालतो असे आम्ही बिशपांना लिहून कळवतो; त्या अहवालात वेदी झाडणाऱ्या बाईंचे किंवा रोज पहाटे घंटा वाजवणाऱ्या वृद्धाचे नाव नसते. अहवालाच्या छापील नमुन्यात तसा रकानाच नाही.

उपग्रह चालविणाऱ्यांची एक रीत आम्हांला येथे नोंदवावीशी वाटते. ते शेवटचा थेंब जागेवर राहण्यासाठी वापरीत नाहीत. थोडे इंधन मुद्दाम शिल्लक ठेवतात आणि उपग्रह थकत आला की त्याला सुमारे 300 किलोमीटर वर, रहदारीच्या बाहेर नेऊन सोडतात. ज्यांच्याकडून ही शिल्लक ठेवली गेली नाही असे कित्येक जुने उपग्रह अजून त्या वर्तुळात भरकटत आहेत. पृथ्वीच्या आकारामुळे त्यांना एकत्र ओढणाऱ्या दोन जागा आहेत आणि त्यांतील एक 75 अंश पूर्व रेखांशावर येते. हा रेखांश महाराष्ट्रातून जातो. म्हणजे आपल्या दक्षिणेच्या आकाशात, उघड्या डोळ्यांना न दिसणारे, इंधन संपलेले ते उपग्रह वर्षानुवर्षे या जागेच्या अलीकडे-पलीकडे झोके घेत आहेत. त्यांच्यापैकी प्रत्येकाने एके काळी कोणाला तरी वादळाची सूचना दिली असेल, कोणाचा तरी आवाज पोहोचवला असेल.

अलीकडे विवाहपूर्व शिबिरांत आम्ही एक प्रश्न विचारू लागलो आहोत. तुमचे घर उद्या जागेवरून घसरू लागले तर ते पुन्हा जागेवर कोण आणील, आणि ती व्यक्ती थकली हे दुसऱ्याला कसे कळेल? शिबिराच्या छापील पुस्तिकेत हा प्रश्न नाही. आम्ही तो तोंडी विचारतो आणि जोडप्यांना अर्धा तास बागेत पाठवतो. त्याआधी त्यांना 1153 वा नियमही सांगतो, मराठीत, सोप्या शब्दांत. काही पालकांनी तक्रार केली की लग्नाच्या तोंडावर असले अभद्र कशाला. आम्ही त्यांचे म्हणणे ऐकून घेतले. नियम सांगणे चालू ठेवले आहे.